लुसिल बॉल

लुसिल डेझिरे बॉल (६ ऑगस्ट १९११, जेम्सटाउन, न्यूयॉर्क राज्य – २६ एप्रिल १९८९, लॉस एंजेलिस) या अमेरिकन अभिनेत्री, विनोदी कलावंत आणि दूरचित्रवाणी-निर्मात्या होत्या. १९५१ ते १९५७ या काळात प्रक्षेपित झालेल्या 'आय लव्ह लुसी' या प्रसंगविनोदी मालिकेतील लुसी रिकार्डो या भूमिकेने त्यांना अपार लोकप्रियता मिळवून दिली. पती डेसी आर्नाझ यांच्यासह त्यांनी 'डेसिलू' ही निर्मितिसंस्था उभारली आणि १९६२ पासून त्या संस्थेच्या एकट्या प्रमुख झाल्या. अमेरिकेतील एखाद्या मोठ्या दूरचित्रवाणी स्टुडिओची धुरा सांभाळणारी ही पहिली स्त्री मानली जाते.

मालिका चित्रपटफितीवर कशी घ्यावी, त्या फितींची मालकी कोणाकडे असावी आणि एकदा दाखविलेला भाग पुन्हा दाखवून त्यातून उत्पन्न कसे मिळवावे, या व्यवहाराची घडी बऱ्याच अंशी या दांपत्याच्या निर्णयांमुळे बसली. त्या निर्णयांच्या मुळाशी मात्र व्यापारी दूरदृष्टीपेक्षा एक घरगुती इच्छा होती. वाद्यवृंद घेऊन सदैव फिरतीवर असणाऱ्या पतीने घरी राहावे, एवढेच लुसिल यांना हवे होते.

बालपण

लुसिल यांचे वडील हेन्री बॉल हे दूरध्वनी कंपनीत तारा ओढण्याचे काम करीत. नोकरीच्या निमित्ताने कुटुंब मोंटाना, न्यू जर्सी, मिशिगन असे फिरत राहिले. पुढे प्रसिद्धीच्या काळात लुसिल यांनी आपला जन्म मोंटाना राज्यात झाल्याचे सांगितले आणि काही जुन्या लेखांत तसे छापूनही आले. जन्मस्थान जेम्सटाउन हेच खरे. फेब्रुवारी १९१५ मध्ये मिशिगनमध्ये विषमज्वराने वडिलांचे निधन झाले. ते अवघे २७ वर्षांचे होते. लुसिल यांना चौथे वर्ष चालू होते आणि आई पुन्हा गरोदर होती. त्या दिवशी घरात एक पक्षी शिरून अडकला होता, ही आठवण लुसिल यांच्या मनात कायमची रुतली. पक्ष्यांची चित्रे असलेला भिंतीचा कागदसुद्धा त्यांना पुढे आयुष्यभर सहन होत नसे.

विधवा आई दोन मुलांना घेऊन जेम्सटाउनजवळच्या सेलोरॉन या गावी आपल्या आईवडिलांकडे राहू लागली. काही वर्षांनी तिने दुसरा विवाह केला. नवदांपत्य कामासाठी परगावी गेले, तेव्हा लुसिल यांना सावत्र वडिलांच्या आईवडिलांकडे ठेवण्यात आले. हे वृद्ध स्वीडिश जोडपे कमालीचे कर्मठ होते. घरात न्हाणीघरातील एका आरशाखेरीज आरसा नव्हता, आणि त्यात स्वतःकडे निरखून पाहताना ही मुलगी सापडली तेव्हा तिला कठोर बोलणी खावी लागली. मुद्राभिनयावर ज्यांची कीर्ती उभी राहिली, त्यांच्या बालपणातील ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. सावत्र वडिलांनी मात्र त्यांना उत्तेजन दिले. ते ज्या बंधुसंघाचे सदस्य होते, त्याच्या कार्यक्रमातील नृत्यसमूहासाठी वयाच्या बाराव्या वर्षी लुसिल यांना त्यांनीच पाठविले.

आजोबा फ्रेड हंट हे समाजवादी विचारांचे, नातवंडांवर जीव टाकणारे गृहस्थ होते. शटॉक्वा सरोवराच्या काठी असलेल्या सेलोरॉनच्या क्रीडोद्यानात ते मुलांना नेत. तेथील फिरते नाट्यप्रयोग पाहून लुसिल यांना रंगभूमीची ओढ लागली. १९२७ च्या उन्हाळ्यात या घरावर मोठे संकट कोसळले. आजोबांच्या देखरेखीखाली अंगणात बंदुकीने नेमबाजीचा सराव चालला असता शेजारचा एक लहान मुलगा मध्ये आला, गोळी त्याच्या पाठीत लागली आणि तो कायमचा पंगू झाला. न्यायालयात दावा उभा राहिला, नुकसानभरपाईपायी घर विकले गेले आणि कुटुंबाची वाताहत झाली. आजोबा या धक्क्यातून सावरले नाहीत. पुढे हॉलीवूडमध्ये थोडेफार स्थिर होताच लुसिल यांनी आई, भाऊ आणि आजोबा या सर्वांना आपल्याकडे आणून एका छपराखाली ठेवले.

न्यूयॉर्कमधील धडपड

घरावरील हे संकट येण्यापूर्वीच, १९२६ मध्ये, त्या न्यूयॉर्क शहरातील जॉन मरे अँडरसन यांच्या नाट्यशाळेत दाखल झाल्या होत्या. तेथे बेटी डेव्हिस याही शिकत होत्या. डेव्हिस यांच्यावर शिक्षक खूश होते. लुसिल इतक्या बुजऱ्या होत्या की त्यांना या क्षेत्रात भवितव्य नाही, असे त्यांच्या आईला कळविण्यात आले. शाळेतल्या अभिप्रायांवर किती विसंबावे, याचा विचार प्रस्तुत लेखकासारख्या शिक्षकी पेशातील माणसाने येथे करावा.

पुढे त्या पुन्हा न्यूयॉर्कला गेल्या आणि हॅटी कार्नेगी यांच्या वस्त्रदालनात कपड्यांच्या प्रदर्शनासाठी मॉडेल म्हणून काम करू लागल्या. तेथे असतानाच त्यांना सांधेदुखीच्या गंभीर आजाराने गाठले. घरी परतून बराच काळ अंथरुणात काढावा लागला आणि चालणे पुन्हा शिकावे लागले. १९३२ मध्ये त्या परत न्यूयॉर्कला आल्या. चेस्टरफिल्ड सिगारेटच्या जाहिरातीतील त्यांचा चेहरा लोकांच्या नजरेत भरला आणि १९३३ मध्ये एडी कँटर यांच्या 'रोमन स्कँडल्स' या चित्रपटातील नृत्यसमूहात काम करण्यासाठी त्यांना हॉलीवूडचे बोलावणे आले.

चित्रपटांतील वर्षे

हॉलीवूडमध्ये त्यांनी जवळजवळ दोन दशके काढली, पण पहिल्या श्रेणीची तारका होण्याचा योग त्यांना लाभला नाही. १९३५ पासून त्या आरकेओ स्टुडिओच्या पगारदार नटी होत्या. फ्रेड अस्टेअर आणि जिंजर रॉजर्स यांच्या 'रॉबर्टा', 'टॉप हॅट', 'फॉलो द फ्लीट' या चित्रपटांत त्या किरकोळ भूमिकांत दिसतात. 'स्टेज डोअर' (१९३७) या कॅथरिन हेपबर्न यांच्या चित्रपटातील भूमिका तुलनेने ठळक होती. मार्क्स बंधूंबरोबरचा 'रूम सर्व्हिस' (१९३८), 'फाइव्ह केम बॅक' (१९३९), 'डान्स, गर्ल, डान्स' (१९४०) असे चित्रपट त्यांनी केले. मुख्य चित्रपटाला जोड म्हणून दाखविल्या जाणाऱ्या कमी खर्चाच्या चित्रपटांत त्या इतक्या वेळा झळकल्या की त्या वर्गाच्या राणी म्हणून त्यांचा उल्लेख होऊ लागला. ही पदवी कौतुकाची होती की थट्टेची, हे ऐकणाऱ्याने ठरवावे. 'द बिग स्ट्रीट' (१९४२) मधील हेन्री फोंडा यांच्यासमवेतची गंभीर भूमिका त्यांना स्वतःला प्रिय होती.

त्यानंतर त्या एमजीएममध्ये गेल्या. 'डू बॅरी वॉज अ लेडी' (१९४३) या रंगीत चित्रपटासाठी त्यांचे केस झगझगीत तांबडे करण्यात आले आणि हा रंग त्यांची कायमची ओळख बनला. एमजीएममधील खरी कमाई पडद्याबाहेरची होती. मूकपटांचे थोर विनोदवीर बस्टर कीटन त्या वेळी तेथे पडेल वेतनावर विनोदी प्रसंग सुचविण्याचे काम करीत होते. त्यांच्याकडून आणि दिग्दर्शक एडवर्ड सेजविक यांच्याकडून लुसिल यांनी वस्तूंशी खेळून विनोद निर्माण करण्याची विद्या घेतली. हातातील प्रत्येक वस्तू आधी स्वतः तपासून पाहावी, तिचे वजन आणि तिची हालचाल अंगवळणी पाडावी, मगच कॅमेऱ्यासमोर जावे, ही शिस्त त्यांनी शेवटपर्यंत पाळली.

१९४० मध्ये 'टू मेनी गर्ल्स' या चित्रपटाच्या वेळी त्यांची डेसी आर्नाझ यांच्याशी भेट झाली होती. क्यूबातील एका प्रतिष्ठित घराण्यातील डेसी १९३३ च्या क्रांतीनंतर निर्वासित होऊन अमेरिकेत आले होते आणि वाद्यवृंदाचे चालक व गायक म्हणून नाव मिळवीत होते. वयाने ते लुसिल यांच्याहून सहा वर्षांनी लहान होते. त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला दोघांनी कनेटिकट राज्यात विवाह केला. संसार मात्र भेटीगाठींपुरताच उरला. डेसी रात्री कार्यक्रम करीत किंवा दौऱ्यावर असत, लुसिल पहाटे स्टुडिओत जात. त्यात डेसींचे मद्यपान आणि परस्त्रीसंबंध यांची भर पडली. १९४४ मध्ये लुसिल यांनी घटस्फोटासाठी अर्ज केला आणि नंतर समेट करून तो सोडून दिला.

नभोवाणीवरून दूरचित्रवाणीकडे

जुलै १९४८ मध्ये सीबीएस नभोवाणीवर 'माय फेव्हरिट हजबंड' ही विनोदी मालिका सुरू झाली. बँकेतील अधिकाऱ्याच्या खटपट्या पत्नीची भूमिका लुसिल करीत. निर्माते व प्रमुख लेखक जेस ओपनहायमर, तसेच मॅडलिन प्यू आणि बॉब कॅरल ज्युनियर ही लेखकजोडी, हे पुढील यशाचे तीनही शिल्पकार त्यांना येथेच लाभले. ध्वनिमुद्रण प्रेक्षकांसमोर होई. समोर बसलेल्या माणसांच्या हसण्याने आपला अभिनय फुलतो, हे लुसिल यांना या काळात उमगले. चित्रपटाच्या निर्जीव मंचावर त्यांना नेमके हेच मिळाले नव्हते.

ही मालिका दूरचित्रवाणीवर आणावी असे सीबीएसने सुचविले, तेव्हा लुसिल यांनी एक अट घातली. पतीची भूमिका डेसी यांनाच मिळाली पाहिजे. परकीय उच्चार असलेला क्यूबन मनुष्य एका अमेरिकन स्त्रीचा नवरा म्हणून प्रेक्षकांना पटणार नाही, असे अधिकाऱ्यांचे मत होते. प्रत्यक्षात हे दोघे दहा वर्षे पतिपत्नी होते. शंकेला उत्तर म्हणून १९५० मध्ये त्यांनी स्वतःचा एक विनोदी कार्यक्रम बसवला आणि नाट्यगृहांतून त्याचा दौरा काढला. त्यासाठी स्थापन केलेल्या संस्थेला दोघांच्या नावांचे तुकडे जोडून 'डेसिलू' हे नाव दिले. दौरा यशस्वी झाला. मार्च १९५१ मध्ये नमुन्याचा भाग तयार झाला. त्या वेळी लुसिल गरोदर होत्या आणि सैल कपड्यांनी ते झाकून नेले होते. १७ जुलै १९५१ रोजी कन्या लुसी हिचा जन्म झाला. तोवर लुसिल यांचे काही गर्भपात झाले होते आणि वयाची चाळिशी जवळ आली होती.

'आय लव्ह लुसी'

फिलिप मॉरिस ही सिगारेट कंपनी प्रायोजक म्हणून पुढे आली. येथे नवीच अडचण उभी राहिली. त्या काळी बहुसंख्य दूरचित्रवाणी संच अमेरिकेच्या पूर्व भागात होते आणि बहुतेक कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित होत. पश्चिमेकडे तयार झालेला कार्यक्रम पूर्वेला दाखवायचा तर संचाच्या पडद्यावरील चित्र पुन्हा फितीवर उतरवून ती फीत पाठवावी लागे, आणि ही नक्कल अंधुक दिसे. प्रायोजकाला अशी नक्कल नको होती. दांपत्याने न्यूयॉर्कला यावे असा आग्रह धरला गेला. त्यांनी नकार दिला. कॅलिफोर्नियातील घर सोडायचे असेल तर सारा खटाटोप व्यर्थ होता.

तोडगा असा निघाला की मालिका हॉलीवूडमध्येच, चित्रपटासारखी ३५ मिलिमीटर फितीवर चित्रित करावी, म्हणजे देशभर सर्वांना सारखेच स्वच्छ चित्र दिसेल. खर्च वाढणार होता. तो भरून काढण्यासाठी दोघांनी आपल्या एकत्रित साप्ताहिक मानधनात १,००० डॉलरची कपात मान्य केली आणि त्या बदल्यात फितींची मालकी मागितली. सीबीएसने ती देऊन टाकली. एकदा दाखवलेला कार्यक्रम कोणी पुन्हा पाहील, ही कल्पनाच त्या काळी रुजलेली नव्हती. दूरचित्रवाणीच्या इतिहासातील सर्वांत महाग पडलेल्या उदारपणांत याची गणना करावी लागेल.

लुसिल यांना प्रेक्षक समोर हवे होते आणि चित्रण फितीवर व्हायचे होते. या दोन्हींचा मेळ घालण्याची जबाबदारी कार्ल फ्रॉइंड यांच्यावर आली. जर्मन मूकपट 'मेट्रोपोलिस' चे छायालेखन करणारे आणि 'द गुड अर्थ' साठी ऑस्कर मिळविलेले हे ज्येष्ठ तंत्रज्ञ होते. एका चित्रपट स्टुडिओच्या मंचात प्रेक्षकांसाठी आसने बसवली, रस्त्याच्या बाजूने स्वतंत्र दार पाडले आणि तीन कॅमेरे एकाच वेळी चालतील अशी व्यवस्था केली. तिन्ही कॅमेऱ्यांना चालेल असा सारखा प्रकाश वरून सोडला, म्हणजे दृश्य बदलताना दिव्यांची हलवाहलव करून प्रेक्षकांना खोळंबून ठेवावे लागू नये. अनेक कॅमेऱ्यांनी एकाच वेळी चित्रण करण्याचे प्रयोग यापूर्वीही झाले होते, त्यामुळे ही पद्धत या मालिकेने शोधली असे म्हणणे बरोबर नाही. मात्र प्रेक्षकांसमोर अभिनय, तीन कॅमेरे आणि चित्रपटफीत यांची ही जुळणी येथे इतकी नीट बसली की पुढील अनेक दशके विनोदी मालिका याच रीतीने तयार होत राहिल्या.

पहिला भाग १५ ऑक्टोबर १९५१ रोजी, सोमवारी रात्री ९ वाजता प्रक्षेपित झाला. कथानक साधे होते. न्यूयॉर्कमधील एका सदनिकेत वाद्यवृंदचालक रिकी रिकार्डो आणि त्याची पत्नी लुसी राहतात. रिकीला गृहदक्ष बायको हवी आहे. लुसीला काहीही करून रंगमंचावर जायचे आहे. तिच्या प्रत्येक कारस्थानात घरमालकीण एथेल तिला साथ देते आणि एथेलचा चिकट नवरा फ्रेड रिकीच्या बाजूने उभा राहतो. या दोन भूमिका व्हिव्हियन व्हान्स आणि विल्यम फ्रॉली यांनी केल्या. पडद्यावर जुन्या संसाराचे चित्र हुबेहूब उभे करणाऱ्या या दोघांचे प्रत्यक्षात एकमेकांशी मुळीच पटत नसे. व्हान्स आणि लुसिल यांची मैत्री मात्र टिकली.

लुसी रिकार्डो हिला गाता येत नाही, नाचता येत नाही, तिला कोणतेही काम धड जमत नाही. असे न जमणे पडद्यावर दाखविण्यासाठी किती सराव लागतो, याची कल्पना त्यातील गाजलेल्या प्रसंगांवरून येते. ५ मे १९५२ रोजी दाखविलेल्या एका भागात लुसी एका शक्तिवर्धक औषधाची जाहिरात करते. औषधात मद्यार्क आहे हे तिला ठाऊक नाही, आणि प्रत्येक तालमीला एकेक चमचा घेता घेता तिची जीभ अडखळू लागते. औषधाचे लांबलचक बनावट नाव प्रत्येक वेळी निराळ्या पायरीने बिघडत जाते. त्या पायऱ्या मोजूनमापून बसविलेल्या आहेत. त्याच वर्षी १५ सप्टेंबरला आलेल्या भागात लुसी आणि एथेल चॉकलेटच्या कारखान्यात नोकरी धरतात. सरकत्या पट्ट्यावरून चॉकलेटे येत राहतात, ती कागदात गुंडाळायची असतात. पट्टा वेग घेतो, तशी दोघी चॉकलेटे तोंडात, टोपीत, कपड्यांत कोंबू लागतात. या भागात लुसीशेजारी बसून चॉकलेटे वळणारी स्त्री त्या व्यवसायातील खरी कारागीर होती. १९५५ मधील एका भागात हार्पो मार्क्स यांच्यासमोर लुसिल यांनी आरशातील प्रतिबिंबाचा मूकाभिनय केला. १९५६ मध्ये इटलीतील द्राक्षे तुडविण्याचा प्रसंग आला. अवघड करामती आधी मॅडलिन प्यू स्वतः करून पाहत आणि जमण्यासारख्या वाटल्या तरच संहितेत ठेवत. आठवडाभर तालीम करून एका संध्याकाळी संपूर्ण भाग प्रेक्षकांसमोर सलग, नाटकासारखा सादर केला जाई. तालमीत लुसिल कोणाची गय करीत नसत, आणि त्यांच्या या करड्या स्वभावाबद्दल सहकाऱ्यांनी तक्रारीही केल्या आहेत.

१९५२ मध्ये लुसिल पुन्हा गरोदर राहिल्या. मालिका बंद पडणार असेच सर्वांना वाटले. ओपनहायमर यांनी हे गरोदरपण कथेतच आणण्याचे ठरविले. सीबीएस आणि प्रायोजक बिचकले; विवाहित जोडप्याचे पलंगसुद्धा वेगवेगळे दाखविण्याचा तो काळ होता. अखेर एक कॅथलिक पाद्री, एक प्रॉटेस्टंट धर्मोपदेशक आणि एक यहुदी धर्मगुरू यांना संहिता दाखवून त्यांची संमती घेण्यात आली. गरोदर हा शब्द संवादांत वापरण्यास मात्र मनाई राहिली, म्हणून अप्रत्यक्ष शब्दयोजना करावी लागली. अमेरिकन दूरचित्रवाणीवर गरोदर स्त्री प्रथमच येथे दिसली, असे पुष्कळ ठिकाणी लिहिलेले आढळते. त्याआधीच्या एका छोट्या मालिकेत असे घडले होते, म्हणून हे विधान अचूक नाही.

८ डिसेंबर १९५२ च्या भागात लुसी आपल्या नवऱ्याला ही बातमी देते. हा प्रसंग करताना दोघांच्या डोळ्यांत खरेच पाणी आले आणि ते चित्रण तसेच ठेवण्यात आले. १९ जानेवारी १९५३ रोजी सकाळी शस्त्रक्रियेने लुसिल यांना मुलगा झाला. त्याच रात्री, आधीच चित्रित करून ठेवलेल्या भागात, लुसी रिकार्डोलाही मुलगा झाला. तो भाग सुमारे ४ कोटी ४० लाख लोकांनी पाहिला. दुसऱ्या दिवशी झालेल्या राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या शपथविधीला सुमारे २ कोटी ९० लाख प्रेक्षक लाभले. एप्रिल १९५३ मध्ये 'टीव्ही गाइड' या साप्ताहिकाचा पहिला राष्ट्रीय अंक निघाला, तेव्हा त्याच्या मुखपृष्ठावर हेच बाळ होते. बाळंतपणाच्या काळात पहिल्या वर्षाचे काही भाग नव्याने दाखविले गेले. तेही लोकांनी आवडीने पाहिले, आणि मालकी हक्काची खरी किंमत तेव्हा कळू लागली.

१९५३ ची चौकशी

यशाच्या शिखरावर असतानाच सारे काही गमावण्याची वेळ आली. अमेरिकेत त्या वेळी साम्यवाद्यांच्या शोधाने उग्र रूप घेतले होते आणि संशयाच्या एका शब्दावर कलावंतांची कारकीर्द संपत होती. १९३६ मध्ये मतदार म्हणून नाव नोंदविताना लुसिल यांनी कम्युनिस्ट पक्षाच्या बाजूने नोंद केली होती. ४ सप्टेंबर १९५३ रोजी प्रतिनिधिगृहाच्या चौकशी समितीच्या अन्वेषकासमोर त्यांनी याची कबुली दिली. वृद्ध आजोबांच्या समाधानाखातर आपण ही नोंद केली, पण आपण पक्षाच्या सदस्य कधीच नव्हतो, अशी त्यांची जबानी होती. आजोबा तोवर हयात नव्हते.

ही जबानी गोपनीय होती, परंतु दोनच दिवसांत वार्ताहर वॉल्टर विंचेल यांनी नाव न घेता तिला वाचा फोडली आणि आठवडा संपण्यापूर्वी वृत्तपत्रांनी मोठे मथळे दिले. ११ सप्टेंबरला नव्या हंगामाचे चित्रण होते. प्रेक्षक काय करतील याची कोणालाच शाश्वती नव्हती. डेसी यांनी आधी मंचावर येऊन, ज्यांच्यामुळे आपल्याला मायदेश सोडावा लागला त्यांच्याविषयीचा आपला तिरस्कार सांगितला, पत्नीवरील आरोप फेटाळले आणि तिच्या तांबड्या केसांवर विनोद करून तिला पुढे बोलावले. प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवू लागले. लुसिल यांनी त्या संध्याकाळी संपूर्ण भाग सादर केला. समितीने त्यांना निर्दोष ठरविले, प्रायोजक पाठीशी राहिला आणि मालिका पहिल्या क्रमांकावरच राहिली. त्याच शहरातील कित्येक कमी प्रसिद्ध कलावंतांना याहून क्षुल्लक कारणाने काम मिळेनासे झाले होते, हे सांगितल्याविना हा प्रसंग पुरा होत नाही.

डेसिलूची वाढ आणि घटस्फोट

सहा हंगाम आणि १८० भागांनंतर मे १९५७ मध्ये मालिका थांबली, तेव्हा ती लोकप्रियतेत पहिल्या क्रमांकावर होती. डेसी हे कुशल व्यवस्थापक निघाले होते. डेसिलूचा मंच आणि तिची चित्रीकरणपद्धत इतर निर्मातेही वापरू लागले. त्याच सुमारास जुन्या भागांचे हक्क सीबीएसला सुमारे ५० लाख डॉलरना विकण्यात आले. एकेकाळी हक्क फुकट सोडणाऱ्या कंपनीलाच ते विकत घ्यावे लागले. १९५७ च्या अखेरीस डेसिलूने ६१ लाख ५० हजार डॉलरना आरकेओचे स्टुडिओ विकत घेतले. ज्या आवारात लुसिल यांनी पगारदार नटी म्हणून किरकोळ कामे केली होती, ते आवार आता त्यांच्या मालकीचे झाले.

घर मात्र सावरले नाही. कामाचा व्याप वाढला तसे डेसींचे मद्यपान वाढले. दिवसभर एकत्र काम करणारे हे जोडपे संध्याकाळी एकमेकांशी बोलेनासे झाले. २ मार्च १९६० रोजी, डेसींच्या ४३ व्या वाढदिवशी, त्यांनी लुसी-रिकी या जोडीचा शेवटचा कार्यक्रम चित्रित केला. दुसऱ्या दिवशी लुसिल यांनी घटस्फोटाचा अर्ज दाखल केला. मे महिन्यात घटस्फोट मंजूर झाला. देशभरातील प्रेक्षकांनी ज्यांना आदर्श जोडपे मानले होते, त्यांच्या मालिकेचे भाग पुढे दररोज कोठे ना कोठे दिसतच राहिले.

डिसेंबर १९६० मध्ये लुसिल यांनी ब्रॉडवेवर 'वाइल्डकॅट' हे संगीत नाटक केले. प्रकृती ढासळल्यामुळे ते काही महिन्यांत बंद पडले. नोव्हेंबर १९६१ मध्ये विनोदी कलावंत गॅरी मॉर्टन यांच्याशी त्यांचा दुसरा विवाह झाला आणि तो अखेरपर्यंत टिकला.

स्टुडिओच्या प्रमुख

नोव्हेंबर १९६२ मध्ये लुसिल यांनी डेसींचा डेसिलूमधील वाटा सुमारे २५ लाख डॉलरना विकत घेतला आणि संस्थेच्या अध्यक्षपदी त्या आल्या. व्यवहाराची त्यांना मनापासून आवड नव्हती. हिशेब आणि बैठकी यांत त्या अवघडत, आणि अभिनयाचे वेळापत्रक सांभाळून हे सारे करावे लागे. तरीही त्यांच्या कारकिर्दीत घेतलेला एक निर्णय दूरगामी ठरला. १९६४ मध्ये जीन रॉडनबेरी यांच्या 'स्टार ट्रेक' या विज्ञानमालिकेचा नमुनाभाग डेसिलूने तयार केला. एनबीसीने तो नाकारला आणि दुसरा मागितला. खर्च अफाट होता आणि संस्थेतील अधिकाऱ्यांचा विरोध होता. लुसिल यांनी आपले वजन मालिकेच्या पारड्यात टाकले. १९६६ मध्ये 'स्टार ट्रेक' आणि 'मिशन: इम्पॉसिबल' या दोन्ही मालिका सुरू झाल्या. त्यांचा अवाढव्य खर्च संस्थेला पेलवेना, आणि १९६७ मध्ये लुसिल यांनी डेसिलू १ कोटी ७० लाख डॉलरना गल्फ अँड वेस्टर्न या उद्योगसमूहाला विकली. ती पुढे पॅरामाउंटमध्ये विलीन झाली. ज्या मालिकांच्या खर्चाने डेसिलू हातची गेली, त्यांनीच नंतर पॅरामाउंटला अनेक वर्षे उत्पन्न दिले.

नंतरच्या मालिका

याच काळात 'द लुसी शो' (१९६२–१९६८) चालू होती. यात त्या विधवेच्या भूमिकेत होत्या आणि व्हिव्हियन व्हान्स यांची भूमिका घटस्फोटित स्त्रीची होती. पुरुषावाचून मुले वाढविणाऱ्या दोन स्त्रियांचे घर विनोदी मालिकेत दिसणे त्या वेळी नवलाचे होते. व्हान्स यांनी १९६५ मध्ये मालिका सोडल्यावर तिचा रंग उतरला. 'हिअर्ज लुसी' (१९६८–१९७४) मध्ये त्यांची दोन्ही मुले त्यांच्याबरोबर होती. १९७२ च्या आरंभी बर्फावर घसरण्याच्या खेळात त्यांचा पाय मोडला, तर संहितेतील नायिकेचाही पाय मोडलेला दाखवून चित्रण चालू ठेवले. मुंबई दूरदर्शन केंद्र त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सुरू झाले, हे लक्षात घेतले म्हणजे आपल्याकडील त्या पिढीला लुसिल बॉल हे नाव फारसे परिचित का नव्हते, हे उमजते.

चित्रपटांपैकी हेन्री फोंडा यांच्यासमवेतचा 'युअर्स, माइन अँड अवर्स' (१९६८) चांगला चालला. 'मेम' (१९७४) या संगीतपटावर समीक्षकांनी कठोर टीका केली. १९८५ मध्ये 'स्टोन पिलो' या दूरचित्रपटात त्यांनी न्यूयॉर्कच्या रस्त्यावर राहणाऱ्या बेघर वृद्धेची गंभीर भूमिका केली.

अखेरची वर्षे

सप्टेंबर १९८६ मध्ये एबीसीवर 'लाइफ विथ लुसी' ही नवी मालिका सुरू झाली. लुसिल ७५ वर्षांच्या होत्या आणि तरीही शिडीवरून लोंबकळण्यासारखे जुने प्रकार करीत होत्या. पूर्वी हसणाऱ्या प्रेक्षकांना आता त्यांच्या हाडांची काळजी वाटू लागली. तेरा भाग तयार झाले, त्यांपैकी आठच दाखविले गेले आणि मालिका बंद करण्यात आली. हा नकार त्यांना फार लागला.

डेसी तेव्हा कर्करोगाने अंथरुणाला खिळले होते. घटस्फोटानंतरही दोघांचे संबंध स्नेहाचे राहिले होते. २ डिसेंबर १९८६ रोजी डेसींचे निधन झाले. त्याच आठवड्यात लुसिल यांना वॉशिंग्टनमध्ये केनेडी सेंटरचा सन्मान प्रदान होणार होता. समारंभात अभिनेते रॉबर्ट स्टॅक यांनी डेसींनी मृत्यूपूर्वी लिहून ठेवलेला निरोप वाचून दाखविला. मालिकेचे नाव आपल्या लेखी कधीच नुसते शीर्षक नव्हते, असा त्याचा आशय होता.

२९ मार्च १९८९ रोजी ऑस्कर पारितोषिक समारंभात बॉब होप यांच्यासह त्या मंचावर आल्या, तेव्हा सभागृहाने उभे राहून त्यांचे स्वागत केले. हे त्यांचे शेवटचे सार्वजनिक दर्शन ठरले. १८ एप्रिलला छातीत कळा आल्याने त्यांच्यावर महारोहिणीची शस्त्रक्रिया झाली. प्रकृती सुधारत असतानाच २६ एप्रिलच्या पहाटे पोटातील महारोहिणी फुटून त्यांचे निधन झाले. त्या वेळी त्यांचे वय ७७ होते.

सन्मान आणि स्मारके

अभिनयासाठी त्यांना चार एमी पुरस्कार मिळाले. त्यांपैकी दोन 'आय लव्ह लुसी' साठी आणि दोन 'द लुसी शो' साठी होते. १९८४ मध्ये दूरचित्रवाणी गौरवदालनात निवडल्या गेलेल्या पहिल्या मानकऱ्यांत त्यांचा समावेश होता. जुलै १९८९ मध्ये राष्ट्राध्यक्षांचे स्वातंत्र्यपदक त्यांना मरणोत्तर देण्यात आले. त्यांचे आत्मचरित्र 'लव्ह, लुसी' हे १९९६ मध्ये, मृत्यूनंतर सात वर्षांनी प्रकाशित झाले. २०२१ मधील 'बीइंग द रिकार्डोज' या चित्रपटात निकोल किडमन यांनी त्यांची भूमिका केली आहे.

त्यांच्या अस्थी प्रथम लॉस एंजेलिसमध्ये ठेवल्या होत्या. २००२ मध्ये मुलांनी त्या जेम्सटाउनला नेऊन आजोळच्या कुटुंबीयांशेजारी पुरल्या. सेलोरॉनच्या उद्यानात २००९ मध्ये उभारलेला कांस्यपुतळा इतका भेसूर दिसे की गावकऱ्यांनी तो बदलण्यासाठी मोहीमच चालविली. ६ ऑगस्ट २०१६ रोजी, त्यांच्या १०५ व्या जन्मदिनी, नवा पुतळा बसविण्यात आला. जुना मोडीत न काढता त्याच उद्यानात राहू दिला आहे, आणि येणारे पर्यटक दोन्हींजवळ उभे राहून छायाचित्रे काढतात.